एकट्या मुलाचा सोबती : दोन भयपट आणि एक ब्रह्मराक्षस



गजानन माधव मुक्तिबोध यांची 'ब्रह्मराक्षस का शिष्य' ही हिंदी कथा आपल्यापैकी अनेकांच्या वाचनात आली असेल. दूरच्या खेड्यातला एक मुलगा विद्येच्या ओढीने पायपीट करीत काशीला येतो. गुरू कोठे भेटेल, असे तो वाटेत दिसलेल्या विद्यार्थ्यांना विचारतो. त्याचा गावंढळ अवतार आणि भाबडा प्रश्न यांची त्या पोरांना मौज वाटते, आणि ती थट्टेने त्याला एका ओसाड, भुताटकीच्या वाड्याकडे बोट दाखवतात. मुलगा खरोखरच तेथे जातो. मजल्यामागून मजले चढत आठव्या मजल्यावर पोहोचतो, तो तेथे त्याला एक वृद्ध विद्वान भेटतो आणि शिष्य म्हणून ठेवून घेतो. अट एवढीच, की बारा वर्षे वाड्याबाहेर पाऊल टाकावयाचे नाही. अध्ययन पुरे होते. निरोपाचे जेवण वाढलेले असते. पानात तूप नाही म्हणून शिष्य उठू लागतो. गुरू त्याला थांबवतो आणि बसल्या जागेवरून हात लांबवीत लांबवीत थेट स्वयंपाकघरातून तूप आणतो. इतकी वर्षे आपण कोणापाशी शिकलो, हे शिष्याला त्या क्षणी कळते.

मुक्तिबोध हे हिंदीचे थोर कवी. पण ते आपल्या घरचेही आहेत. त्यांचे पणजोबा खानदेशातील जळगाव सोडून ग्वाल्हेर संस्थानातील श्योपूर येथे आले. तेथेच १३ नोव्हेंबर १९१७ रोजी गजाननरावांचा जन्म झाला. घरची भाषा मराठी. धाकटे बंधू शरच्चंद्र मराठीचे नामवंत कवी आणि कादंबरीकार झाले. वडील पोलीस खात्यात असल्याने बदल्या होत आणि मुलांच्या शाळा बदलत. १९३० साली उज्जैनला मिडलच्या परीक्षेत ते अनुत्तीर्ण झाले. पुढे बडनगर, शुजालपूर अशा ठिकाणी त्यांनी स्वतः शाळामास्तरकी केली. नव्या गावी, नव्या वर्गात, कोणी ओळखीचे नसताना उभे राहणे म्हणजे काय, हे त्यांना पुस्तकातून शिकावे लागले नसणार.

आजचा विषय मात्र काशीपासून फार दूर, स्वीडनमध्ये सुरू होतो. २००८ साली टोमास आल्फ्रेडसन या दिग्दर्शकाचा एक स्वीडिश भयपट आला. त्याच्या नावाचा अर्थ 'योग्य त्यालाच आत येऊ दे' असा आहे. जगभर तो 'लेट द राइट वन इन' या इंग्रजी नावाने ओळखला जातो. जॉन आयविडे लिंडक्विस्ट यांच्या २००४ सालच्या कादंबरीवरून तो बेतलेला असून पटकथाही त्यांचीच आहे. दोनच वर्षांनी, २०१० मध्ये, मॅट रीव्ह्ज यांनी अमेरिकेत 'लेट मी इन' या नावाने त्याची पुनर्निर्मिती केली. दोन्ही चित्रपटांत एक छळ सोसणारे शाळकरी मूल आहे आणि त्याच्या शेजारच्या बिऱ्हाडात राहावयास आलेले रक्तपिपासू भूत आहे. भूत दिसावयास त्याच्याच वयाचे. मुक्तिबोधांची कथा आणि हे दोन चित्रपट यांचा परस्परांशी काडीचाही संबंध नाही. तरी तिन्हींचा सांगाडा एकच आहे : ज्याला माणसांच्या पोरांनी हसून हाकलले, त्याला जे माणूस नाही त्याने जवळ केले. हे का घडते आणि जवळ करणाऱ्याने त्या मुलाच्या पदरात अखेर काय टाकले, एवढाच प्रश्न मला आपल्यापुढे मांडावयाचा आहे.

स्वीडिश चित्रपटाची कथा १९८२ सालच्या हिवाळ्यात, स्टॉकहोमच्या ब्लाकेबेर्ग या उपनगरात घडते. एकसारख्या चाळवजा इमारती, मधल्या अंगणात बर्फाने गोठलेला झोपाळा आणि मुलांनी खेळावे म्हणून उभारलेला एक लोखंडी सांगाडा. बारा वर्षांचा ओस्कर आईजवळ राहतो. वडील वेगळे, खेड्यात. शाळेत कॉनी नावाचा मुलगा आणि त्याचे दोन साथीदार त्याला रोज पिडतात. ओस्कर उलटून बोलत नाही. तो खुनांच्या बातम्यांची कात्रणे वहीत चिकटवून ठेवतो आणि रात्री अंगणातल्या झाडावर सुरीचे वार करीत आपल्या छळकांचेच शब्द पुटपुटतो. नेमक्या त्याच वेळी त्याच्यामागे, त्या लोखंडी सांगाड्यावर, एली उभी असते. कडाक्याच्या थंडीत तिच्या अंगावर पुरेसे कपडे नाहीत. ती बाराच वर्षांची आहे, पण फार फार वर्षांपासून बाराची आहे. दिग्दर्शकाने या मुलीच्या तोंडी दुसऱ्या मुलीचा अधिक खर्जातला आवाज घातला, आणि त्यामुळे ती बोलू लागली की चेहरा व स्वर यांच्यात एक बारीकशी फट पडते. भयपटातले किंकाळ्यांचे संगीत जे काम करते, ते येथे या एका फटीने साधले आहे.

चित्रपटातील एक छोटा प्रसंग मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो. रक्त त्यात जवळजवळ नाहीच. मुले ओस्करला छडीने मारतात आणि त्याच्या गालावर जखम होते. घरी आई विचारते, काय झाले? तो सांगतो, मधल्या सुट्टीत दगडावर पडलो. आई काळजी करते, पण उत्तर मान्य करते. रात्री तोच प्रश्न एली विचारते, आणि तिला मात्र तो खरे सांगतो. आई वाईट नाही, हे आवर्जून सांगितले पाहिजे. ती प्रेमळ आहे, नोकरी करून दमलेली आहे, मुलाने दिलेले सोपे उत्तर तिला हवेच आहे. घरोघरी हेच घडत असते. पण त्या रात्रीपासून ओस्करचा विश्वास कोणाकडे गेला, ते ठरून जाते. एली त्याला सल्ला देते, की उलट मार, आणि जोरात मार. मग दोन बिऱ्हाडांमधल्या भिंतीवर मोर्सच्या संकेतांत टकटक सुरू होते. लिपी ओस्करनेच तिला कागदावर लिहून दिलेली असते. ज्या मुलाशी वर्गात कोणी बोलत नाही, त्याला अशी भिंत मिळाली तर तो तिला कान लावून झोपणारच.

येथे थोडे थांबून शब्दाचा विचार करू. इंग्रजीत ज्याला बुलिंग म्हणतात, त्याला मराठीत एक ठरलेला शब्द नाही. टवाळी, खोडी, दांडगाई, दादागिरी, छळ असे अनेक आहेत. पण खोडी फार हलकी आणि छळ फार जड. सासुरवासाला आपण छळ म्हणतो, वर्गातल्या पोराच्या दप्तरात चिखल भरला तर म्हणत नाही. महाविद्यालयातल्या प्रकाराला रॅगिंग हा परका शब्द मिळाला आणि मगच त्याविरुद्ध कायदे झाले : महाराष्ट्राचा १९९९ साली, विद्यापीठ अनुदान आयोगाचे विनियम २००९ साली. शाळेतल्या लहानग्यांच्या वाट्याला 'मुले आहेत, भांडतील, विसरतील' एवढेच वाक्य आले. शिक्षणहक्क कायद्याचे सतरावे कलम शाळेत मुलाला शारीरिक शिक्षा आणि मानसिक त्रास देण्यास मनाई करते, पण त्याचा रोख मुख्यतः मोठ्यांच्या हातातील छडीकडे आहे, बाकावरच्या शेजाऱ्याकडे नाही. २०१४ साली ग्वाल्हेरमधील एका निवासी शाळेतील छळाच्या तक्रारीने देशभर खळबळ उडाली. पुढच्याच वर्षी केंद्रीय माध्यमिक शिक्षण मंडळाने संलग्न शाळांसाठी या विषयावर परिपत्रक काढले. शब्द तेव्हाही इंग्रजीच होता.

स्वीडनमध्येही हा शब्द जुना नाही. १९६९ साली पेटर-पॉल हायनेमान या डॉक्टरांनी एका लेखात शाळकरी मुलांच्या वागणुकीसाठी 'मोबनिंग' हा शब्द वापरला, आणि तो त्यांनी प्राणिवर्तनाच्या अभ्यासातून उचलला होता. दिवसा चुकून बाहेर आलेल्या घुबडावर कावळ्यांचा थवा कसा तुटून पडतो, हे आपण सर्वांनी पाहिले आहे; तोच तो प्रकार. दान ओल्वेउस या स्वीडिश मानसशास्त्रज्ञाने, ज्यांचे पुढील आयुष्य नॉर्वेत बर्गनला गेले, या शब्दावरच आक्षेप घेतला. थवा म्हटले की दोष सर्वांवर वाटला जातो आणि कोणावरच राहत नाही. प्रत्यक्षात बहुधा एक-दोन म्होरके असतात, काही साथीदार आणि बाकीचे बघे. त्यांनी व्याख्या बांधली ती अशी, की त्रास वारंवार झाला पाहिजे, हेतुपुरस्सर झाला पाहिजे, आणि सोसणाऱ्याला स्वतःचा बचाव करणे अवघड जावे असा बळाचा फरक दोघांत असला पाहिजे. ही व्याख्या हाती घेऊन ओस्करची शाळा पाहावी. कॉनी म्होरक्या आहे. उरलेल्या दोघांपैकी एकाच्या डोळ्यांत मारताना पाणी येते, तरी तो मारतो.

१९८२ सालच्या अखेरीस उत्तर नॉर्वेत दहा ते चौदा वर्षांच्या तीन मुलांनी आत्महत्या केल्या, आणि त्यामागे सोबत्यांचा छळ असावा अशी बातमी आली. सरकार हलले. १९८३ मध्ये देशभरच्या शाळांत मोहीम झाली. ओल्वेउस यांच्या त्या वेळच्या पाहणीत सात मुलांमागे सुमारे एक मूल या व्यवहारात, सोसणारे किंवा छळणारे म्हणून, गुंतलेले आढळले. बर्गनमधील सुमारे अडीच हजार विद्यार्थ्यांवर त्यांनी आपला कार्यक्रम राबवला. त्यात जादू काही नव्हती : वर्गाचे स्पष्ट नियम, पालकांशी बोलणे, आणि मधल्या सुट्टीत मोठ्या माणसांनी मैदानावर हजर असणे. दोन वर्षांत छळाचे प्रमाण जवळजवळ निम्म्यावर आले, असे त्यांनी नोंदवले. लिंडक्विस्ट स्वतः ब्लाकेबेर्गला वाढले. त्यांनी आपली कथा नेमकी या मोहिमेच्या आदल्या काळात ठेवली आहे, हे मला अर्थपूर्ण वाटते.

आता भुताकडे वळू. रक्त पिणारे प्रेत ही मूळची पूर्व युरोपातील समजूत, आणि ब्रॅम स्टोकर यांच्या १८९७ सालच्या 'ड्रॅक्युला' कादंबरीने ती सर्वतोमुखी केली. रिचर्ड बर्टन यांनी १८७० मध्ये वेताळपंचविशीतील काही कथा इंग्रजीत आणल्या, तेव्हा पुस्तकाच्या नावात वेताळाला त्यांनी व्हँपायरच करून टाकले. वेताळावर हा अन्यायच झाला. आपला वेताळ रक्त पीत नाही. तो राजाच्या खांद्यावर बसून गोष्टी सांगतो आणि कूटप्रश्न घालतो. फार तर त्याला परीक्षक म्हणावे. मराठीत भुतांची वर्गवारी मोठी बारकाईची आहे : हडळ, जखीण, समंध, चकवा. त्यात मुलाचे भूतही आहे. मुंज झाली पण सोडमुंज होण्याआधी जो बटू मेला, तो मुंज्या होऊन पिंपळावर राहतो, ही समजूत आपल्याकडे जुनी आहे. एलीसारखाच तोही वय न वाढणारा. परदेशी व्हँपायर मराठी वाचकाच्या घरात शिरला तो प्रामुख्याने नारायण धारपांच्या हातून. त्यांची 'लुचाई' ही कादंबरी स्टीफन किंग यांच्या 'सालेम्स लॉट'वर आधारलेली आहे.

या युरोपीय भुताचा एक नियम आपल्या चित्रपटाच्या नावातच आहे : घरातल्या माणसाने बोलावल्याशिवाय ते उंबरठा ओलांडू शकत नाही. उंबऱ्याचे महत्त्व आपल्याला समजावून सांगावयास नको. आपण त्याची पूजा करतो. पण बहुतेक भयकथांत हा नियम पळवाटेसारखा येतो, दार बंद ठेवले की सुटलो, इतकाच त्याचा उपयोग. आल्फ्रेडसन यांनी त्याचा अर्थच पालटला. ओस्कर एकदा हट्टाने विचारतो, न बोलावता आलीस तर काय होते? एली काही न बोलता आत येते, आणि तिच्या सर्वांगातून, डोळ्यांतून, कानांतून रक्त वाहू लागते. घाबरून तो तिला बोलावतो. म्हणजे आत घेणे ही घेणाऱ्याची इच्छा आहे, आणि ज्याला घ्यावयाचे त्याचे दुःख पाहिल्यावर नाही म्हणवत नाही. एकटे मूल दार उघडते ते मोहाने नव्हे. समोरच्याला आपली गरज आहे हे त्याला दिसते म्हणून. वर्गात त्याची गरज कोणालाच नसते.

पुनर्निर्मितीविषयी दोन मते आहेत. अनेक जाणकारांना ती अनावश्यक वाटली, आणि स्वीडिश चित्रपटातील बर्फाची शांतता तिच्यात नाही हे खरे आहे. मूळ चित्रपटाचे छायाचित्रण होयते व्हान होयतेमा यांचे. त्यात कॅमेरा दूर राहतो, माणसे लहान दिसतात आणि भीषण गोष्ट चौकटीच्या कडेला घडून जाते. रीव्ह्ज यांचा कॅमेरा जवळ जातो. एकंदर कलाकृती म्हणून मूळ चित्रपटच श्रेष्ठ, असे माझे मत आहे. तरी आपल्या आजच्या प्रश्नापुरते पाहिले, तर रीव्ह्ज यांनी केलेले काही बदल दुर्लक्षून चालणार नाहीत.

त्यांनी कथा न्यू मेक्सिको राज्यातल्या लॉस अलामॉस या गावी नेली, जेथे पहिला अणुबाँब तयार झाला. काळ मार्च १९८३. दूरचित्रवाणीवर अध्यक्ष रेगन सोव्हिएत संघाला दुष्टांचे साम्राज्य म्हणत आहेत. देशाचा प्रमुख सांगतो की दुष्टता बाहेर आहे, पलीकडे आहे. ओवेन हा मुलगा मात्र ती शाळेच्या कपडे बदलण्याच्या खोलीत रोज पाहतो. एका रात्री तो दूर राहणाऱ्या वडिलांना दूरध्वनीवर विचारतो, जगात खरोखर दुष्टता असते का? वडिलांना वाटते, हे आईनेच, तिच्या देवभोळेपणातून, त्याच्या डोक्यात भरवले आहे. प्रश्नाचे उत्तर राहूनच जाते. आईचा चेहरा तर चित्रपटभर आपल्याला धड दिसतच नाही. ती धूसर आहे, पाठमोरी आहे, चौकटीबाहेर आहे. हा बदल जरा ठसठशीत आहे खरा, पण मुलाच्या उंचीवरून घर कसे दिसते ते त्यातून कळते. शिवाय येथला म्होरक्या स्वतःच्या थोरल्या भावाकडून हिणवला जातो. जे त्याने घरी ऐकले तेच तो वर्गात ओवेनला ऐकवतो. छळ हाही असा हातोहात पुढे जातो.

सर्वांत मोठा बदल एका छायाचित्राचा. दोन्ही चित्रपटांत त्या चिरबालिकेबरोबर एक प्रौढ पुरुष राहतो. बाहेरच्यांना तो बाप वाटतो. तो तिच्यासाठी माणसे मारून रक्त आणतो, त्यात वरचेवर चुकतो, आणि अखेर ओळख पटू नये म्हणून आपल्याच तोंडावर आम्ल ओतून घेतो. मूळ चित्रपटात तो कोण, हे सांगितलेले नाही. केवळ एकदा तो एलीला विनवतो, की आज त्या मुलाला भेटू नकोस, आणि प्रेक्षकाच्या मनात शंका येते. पुनर्निर्मितीत ओवेनला तिच्या घरात छायाचित्रांची एक जुनी पट्टी सापडते. तीत तीच मुलगी आहे, जशीच्या तशी, आणि तिच्या शेजारी ओवेनच्याच वयाचा एक मुलगा. तो थकलेला खुनी एके काळी असाच एकटा मुलगा होता. पट्टी हातात धरून उभ्या असलेल्या ओवेनला आपले भविष्य दिसते. लिंडक्विस्ट यांना हा अन्वयार्थ मान्य नव्हता. त्यांनी पुढे एक स्वतंत्र कथा लिहून ओस्कर कोणाचा सेवक झाला नाही असे सुचवले. लेखकाचा अधिकार मान्य करूनही म्हणावेसे वाटते, की पडद्यावर जे दिसले ते त्या कथेने पुसले जात नाही.

आता मुक्तिबोधांच्या वाड्यात परत जाऊ. तेथेही वारसा आहे. ब्रह्मराक्षस शिष्याला सांगतो, की मिळवलेली विद्या कोणाला न देताच मी मेलो म्हणून या योनीत अडकलो. तू आलास, ती घेतलीस, आणि मी सुटलो. आता ते ओझे तुझे आहे, तू जोवर ते दुसऱ्याला देत नाहीस तोवर तुलाही सुटका नाही. म्हणजे येथेही भुताला मुलाची गरज होती. त्यानेही बारा वर्षे घेतली. मुलाचे बालपण आणि तारुण्याचा उंबरठा त्या आठव्या मजल्यावरच खर्ची पडला. हे आपण गुरुभक्तीच्या भरात विसरू नये. बारा वर्षे दाराबाहेर न सोडणारा गुरू आणि रात्रीखेरीज न भेटणारी मैत्रीण यांच्यात साम्य आहेच. फरक पडतो तो जिना उतरताना. ब्रह्मराक्षसाने दिलेली गोष्ट इतरांना द्यावयाची आहे, म्हणून शिष्याला ती घेऊन माणसांत, ज्यांनी त्याची टिंगल केली त्या गावात, परत जावे लागते. एलीने दिलेली गोष्ट कोणाला सांगता येत नाही. ओस्कर गाव सोडतो. आगगाडीच्या डब्यात त्याच्यापुढे एक मोठी पेटी आहे, दिवसाचा प्रकाश आहे म्हणून ती पेटीत आहे, आणि तो पेटीवर बोटांनी टकटक करीत तिच्याशी बोलतो आहे. भिंतीवरची ती लिपी आता दोघांखेरीज कोणाच्याच उपयोगाची नाही.

भुताकडून मिळालेले दुसऱ्याला देऊन सुटण्याची ही साखळी मुक्तिबोधांनी शून्यातून काढली असे नाही. सोमदेवाच्या कथासरित्सागराच्या आरंभी गुणाढ्याची हकीकत आहे. गुणाढ्याची जन्मभूमी आपले प्रतिष्ठान, म्हणजे पैठण. विंध्याच्या अरण्यात काणभूती नावाच्या पिशाचाने त्याला सात लक्ष श्लोकांची कथा पैशाची भाषेत सांगितली, आणि सांगितली म्हणून काणभूती शापातून सुटला. गुणाढ्याजवळ शाई नव्हती. त्याने ती स्वतःच्या रक्ताने लिहिली. राजा सातवाहनाने भाषा पिशाचांची आणि अक्षरे रक्ताची म्हणून ग्रंथ नाकारला. मग गुणाढ्य डोंगरावर बसून एकेक पान वाचू लागला आणि वाचून झालेले पान अग्नीत टाकू लागला. भोवती रानातली जनावरे चारा सोडून ऐकत उभी होती. सहा लक्ष श्लोक जळाले. राजाला उपरती झाली तेव्हा एक लक्ष उरले होते. रक्त, पिशाच आणि नाकारला गेलेला माणूस, हे तिन्ही येथेही आहेत. पण येथे रक्त पिण्यासाठी नाही, लिहिण्यासाठी आहे, आणि ते गुणाढ्याचे स्वतःचे आहे.

चित्रपटाला आपण सौम्यपणे घेऊ नये, म्हणून त्याच्या शेवटाकडे एकदा पाहणे भाग आहे. एलीच्या सल्ल्याप्रमाणे ओस्कर गोठलेल्या पाण्यावर कॉनीला काठीने मारतो. त्याचा कान फाटतो. प्रेक्षकाला बरे वाटते, आणि नेमके त्याच वेळी, त्याच बर्फात, दुसरीकडे मुलांना एक प्रेत दिसते. दोन्ही किंकाळ्या एकमेकींत मिसळतात. पुढे एली ओस्करला सुनावते, की तुलाही मारावयाचे आहे, सूड म्हणून. मी मारते ते जगण्यासाठी. त्याच्याजवळ उत्तर नसते. मग कॉनीचा थोरला भाऊ पोहण्याच्या तलावावर येतो आणि ओस्करचे डोके पाण्याखाली दाबून धरतो : तीन मिनिटे तग धरलास तर वाचलास, नाहीतर डोळा काढीन. कॅमेरा पाण्याखालीच राहतो. वर काय होते ते आपण ऐकत नाही. पाण्यात हळूहळू जे पडते ते फक्त पाहतो. चित्रपटगृहात या क्षणी लोक सुटकेचा निःश्वास टाकतात. तीन शाळकरी मुलांची हत्या होते आणि आपण खूश असतो. स्वीडिश दिग्दर्शकाने प्रेक्षकालाच दार उघडावयास लावले, ते येथे. बर्गनच्या शाळांत जे मैदानावर उभे राहून साधले, ते येथे कोणी केले नाही म्हणून ही वेळ आली. भीती मला त्या तलावातल्या रक्ताची वाटत नाही, माझ्या त्या निःश्वासाची वाटते.

त्या संध्याकाळी तलावावर शिक्षक होते. चांगले शिक्षक होते. ओस्करला व्यायामाच्या वर्गात घेणारे, त्याला उमेद देणारे. त्यांना बाहेर काढावे म्हणून मुलांनी आवारातल्या कचऱ्याला आग लावली, आणि ते ती विझवावयास धावले. आग खरी होती, विझवणे आवश्यकही होते. आत, काचेपलीकडे, थोरला भाऊ घड्याळ पाहात होता.